कालव्यावरची स्वारी

गेल्या मे महिन्यात माझ्या नवऱ्याला उश्कुयनिकांचा नाद लागला. लंडनच्या कडेला असलेल्या पिनरहून ऑफिसला जाताना तो ट्रेनमध्ये पॉडकास्ट ऐकतो, त्यातूनच हे खूळ डोक्यात शिरलं. उश्कुयनिक म्हणजे मध्ययुगातले, रशियातल्या नोव्हगोरोदचे नदीवरचे लुटारू. हलक्या होड्यांतून व्होल्गेत उतरायचे आणि काठची गावं लुटायचे.

"म्हणजे दरोडेखोरच ना?" पुण्याहून आलेल्या सासूबाईंनी विचारलं.

"आई, काही लोक त्यांना शूर मानतात. नव्या वाटा शोधणारे."

"आणि ज्यांची घरं लुटली, ते काय मानतात?"

नवऱ्याने बँक हॉलिडेच्या सुट्टीला बर्मिंगहॅमजवळ दिवसभरासाठी एक नॅरोबोट, म्हणजे कालव्यात चालणारी लांब, अरुंद बोट, बुक केली.

कालव्यातली बोट माणसाच्या चालीने जाते. झाडाझाडाशी थांबणाऱ्या कुत्र्याला घेऊन एक आजी काठावरून आम्हाला ओव्हरटेक करून गेल्या. नवरा मात्र सुकाणू धरून छाती काढून उभा! सुकाणू डावीकडे ढकललं की बोट उजवीकडे वळते, हे त्याला नीट समजावलेलं होतं. वळणावर तो नेमकं तेच विसरला आणि काठाला बांधलेल्या एका हिरव्या बोटीवर आम्ही धाडकन आदळलो.

आतून एक म्हातारे गृहस्थ रिकामा मग घेऊन बाहेर आले. चहा सगळा स्वेटरवर होता. आमचे लुटारू हात जोडून 'सॉरी, सो सॉरी' करत सुटले.

"पहिलीच वेळ दिसतेय," गृहस्थ म्हणाले. "या, चहा घ्या. मलाही नवा करायचाच आहे."

नवरा माझ्या कानाशी कुजबुजला, "उश्कुयनिक असेच संपले गं. अस्त्रखानच्या खानाने बोलावून खाऊ-पिऊ घातलं आणि झिंगल्यावर सगळ्यांना कापून काढलं."

"चहाने कोणी झिंगत नाही. चल."

सासूबाई तर केव्हाच आत जाऊन, लाइफ जॅकेटसकट, चिवड्याचा डबा उघडून बसल्या होत्या. गृहस्थांनी चिवडा खाल्ला, त्यांना जोरात ठसका लागला, आणि त्यांनी पुन्हा डब्यात हात घातला.

बोटीच्या टपावर कुंड्यांत रुबार्ब, म्हणजे आंबट देठांची इकडची एक भाजी, लावलेलं होतं. सासूबाईंनी लाल देठांकडे बोट दाखवून "अंबाडी?" असं विचारलं. गृहस्थांना काय कळलं कोण जाणे, त्यांनी मोठी जुडी कापून हातात दिली.

"बघ, लूट!" परतताना नवरा म्हणाला.

"गप रे. मला दिलंय त्यांनी, प्रेमाने."

घरी सासूबाईंनी दाण्याचं कूट आणि गूळ घालून त्या देठांची आंबटगोड भाजी केली. नवऱ्याने पातेलं पुसून खाल्लं.