जर्मन मास्तरांचे कान

“फार सुंदर. आता बरोबर गाऊ या.”

आमचे जर्मन मास्तर हे इतक्या सौजन्यानं म्हणायचे, की आपलं काहीतरी चुकलंय हे नव्या माणसाच्या लक्षातच यायचं नाही. दर मंगळवारी संध्याकाळी इंग्लंडमधल्या रीडिंग गावातल्या एका चर्च हॉलमध्ये आमची रिहर्सल असे. निवृत्त शिक्षिका, अकाउंटंट, एक पोस्टमन आणि खालच्या पट्टीत गाणाऱ्या बायकांमध्ये मी, एकटी मराठी, असा आमचा कॉयर, म्हणजे एकत्र गाणाऱ्यांचा संच. तुम्ही ऐकला असतात तर ‘हौशी’ म्हणून सोडून दिला असतात. मास्तरांनी कधी सोडून दिलं नाही.

जर्मनीतल्या एका शहरात ते ऑपेराच्या कॉयरला शिकवत, पुढे तिथल्या ऑर्केस्ट्राचे कंडक्टर झाले. बर्लिनची भिंत पडल्यावर तो ऑर्केस्ट्रा शेजारच्या शहरातल्या ऑर्केस्ट्रात मिसळून टाकला. दोन कंडक्टरांतले एक जास्त झाले, ते आमचे मास्तर. व्हायोलिन वाजवणाऱ्या एका इंग्लिश बाईंशी त्यांनी लग्न केलं आणि बाईंच्या मागोमाग ते इकडे आले. मी कॉयरमध्ये गेले तेव्हा बाई वारल्या होत्या. मास्तरांजवळ मंगळवार तेवढा उरला होता.

पोस्टमनचा आवाज दणदणीत. मास्तर त्याला म्हणायचे, “तुम्ही पत्र टाकताय, दार फोडत नाही आहात.” तो पोट धरून हसायचा आणि पुन्हा तितक्याच जोरात गायचा. माझ्या नवऱ्याला मी रात्री जेवताना हे सगळं साभिनय करून दाखवायची.

मग एका शरद ऋतूत काहीतरी बिनसलं. मास्तर वरच्या पट्टीतल्या बायकांना सारखे थांबवू लागले. “उतरताय. पुन्हा.” पुन्हा गायलं. “अजून उतरताय.” मार्गारेट ही कॉयरच्या कमिटीची प्रमुख, आयुष्यभर शाळेत संगीत शिकवलेली. ती पियानोपाशी गेली आणि तिनं तो सूर वाजवून दाखवला. बायका अगदी सुरात होत्या. मास्तर पियानोकडे बघत राहिले. म्हणाले, “पियानोही उतरलाय.” कोणी हसलं नाही.

मी इथल्या हॉस्पिटलमध्ये ऑडिओलॉजिस्ट आहे, म्हणजे लोकांचे कान तपासते. त्या दिवशी हॉलबाहेर पार्किंगमध्ये ते माझ्यासाठी थांबले होते. “डॉक्टर,” ते म्हणाले. मी डॉक्टर नाही हे त्यांना अनेकदा सांगून झालं होतं. “माझे कान बघाल का?”

हॉस्पिटलच्या आवाजबंद खोलीत हेडफोन लावून ते शाळकरी मुलासारखे ताठ बसले. मी उजव्या कानात एक सूर दिला, मग तोच डाव्या कानात.

“हा दुसरा दिलात,” ते म्हणाले.

“नाही. तोच आहे.”

“पुन्हा द्या.”

मी पुन्हा दिला. त्यांनी हेडफोन काढून हातात घेतले. मग त्यांनी विचारलं, “यातला बरोबर कान कोणता?”

मी म्हटलं, “दोन्ही नाहीत.”

कानात घालायच्या यंत्रानं आवाज मोठा होतो, वाकडा झालेला सूर सरळ होत नाही. हे मी रोज कोणाकोणाला सांगते. त्यांना सांगताना मात्र माझी नजर टेबलावरून उठेना. त्यांनीच माझ्या हातावर हलकेच थोपटलं आणि कोट घातला.

पुढच्या मंगळवारी त्यांनी सगळ्यांना सांगून टाकलं. “यापुढे तुम्ही चुकलात तर मला कळणार नाही. मार्गारेटच्या कपाळावरच्या आठ्यांकडे बघत जा.” आम्ही हसलो, मार्गारेट हसली नाही. कमिटीतल्या काहींना त्यांनी तेव्हाच काम सोडावं असं वाटत होतं. मार्गारेट म्हणाली, वसंतातली कॉन्सर्ट तेच करतील, नाहीतर मी येणार नाही.

त्या कॉन्सर्टला ते आमचे श्वास बघत होते. आमचे खांदे, ओठ, पोटं. गाताना मी त्यांच्यावरून नजर हलवली नाही, आणि इतका उघडा, घाबरलेला चेहरा मी कुणाचा पाहिलेला नाही. तरी हात एकदाही चुकला नाही. आम्ही जन्मात गायलो नव्हतो असे गायलो. शेवटी लोक उभे राहिले. पोस्टमन रडत होता.

आतल्या खोलीत मास्तर खुर्चीत बसले होते, घामानं भिजलेले.

“कसं झालं?”

“खूप छान झालं, मास्तर. खरंच.” मी त्यांना मास्तर म्हणायची, शब्दाचा अर्थ त्यांना आवडला होता.

“तुम्ही म्हणता म्हणजे झालं असेल,” ते म्हणाले. “मला जड कपाटं फरशीवरून ओढत नेल्यासारखं ऐकू येत होतं. सगळा वेळ.”

त्यानंतर ते हॉलकडे फिरकले नाहीत. नवी कंडक्टर आली, तरुण, हुशार. मंगळवार चालू राहिले.

मी अधूनमधून त्यांच्या फ्लॅटवर जात असे. पियानो त्यांनी एका शाळेला देऊन टाकला होता. रेडिओही नव्हता. डोक्यातलं संगीत तरी शाबूत असेल, असं मला वाटायचं. विचारलं, तर म्हणाले, “तेही आता तसंच वाजतं.” मी चहा केला.

पुढे पुढे बोलणंही त्यांना धड कळेना. इंग्लिश असो की जर्मन, प्रत्येक शब्द पकडायला ते पुढे झुकायचे आणि दमून जायचे. एकदा म्हणाले, “तुम्ही तुमच्या भाषेत बोला. ती मला मुळीच येत नाही, म्हणजे काही निसटत नाही.” मग मी मराठीत बोलू लागले. मुलीच्या परीक्षा, वॉर्डमधली भांडणं, पुण्याला आईचं गुडघ्याचं ऑपरेशन, काहीही. ते डोळे मिटून, मान डोलावत ऐकायचे. तेवढा वेळ त्यांच्या कपाळावर आठी नसायची. मला वाटायचं, चला, एवढं तरी.

हिवाळ्यात ते गेले. त्याआधीच्या शेवटच्या भेटीत मी असंच काहीतरी सांगत होते, आणि एका वाक्याच्या मध्येच मला पुढचं सांगवेना. मी थांबले. खोलीत कसलाच आवाज नव्हता. मास्तर डोळे मिटून बसले होते, आणि त्यांची मान मंद मंद डोलतच राहिली.