सहा मजली बन्यान

दोन हजार चोवीस साल, मी शहात्तर वर्षांचा, आन् रऊफ माह्यापेक्षा एका पोळ्यानं लहान. वावरात तुरीच्या गंजीपाशी उभा होतो, तवा मुंबईहून त्याच्या पोरीचा, शबानाचा फोन आला. "काका, अब्बा गेले..." मी विचारलं, "कुठं?" कारण हा माणूस जन्मभर कुठं ना कुठं गेलेलाच असायचा. कधी समुद्राच्या तळाशी, कधी बर्फाच्या डोंगरावर. पोरगी रडायले लागली, तवा ध्यानात आलं.

माही शाळा चौथीपुरती. या पुरवणीत शिकलेले लोक लिहितात, हे मले माहीत आहे. पण रऊफ गेल्यावर मोठमोठ्या लोकांनी जे लिहिलं, त्यात आमच्या सोनाळा गावाचं नावच नाही. म्हणून मी लिहून राह्यलो. चुकलं तर चुकलं.

रऊफचे वडील कापूस पिंजायचे, गाद्या भरायचे. आमच्या लहानपणी बाजाराच्या दिवशी तंबूतला सिनेमा यायचा. आम्ही पार पडद्याच्या बुडाशी बसायचो. मान दुखायची, तरी हा बाहेर आल्यावर म्हणायचा, "पडदा लहान आहे बे, संपत्या." पुढं मुंबईले गेला, सिनेमाचे डबे उचलले, कॅमेरे पुसले, परदेशात गेला, आन् त्याले पाह्यजे होता तसा पडदा सापडला. सहा मजली! खरीखुरी जनावरं, खरे डोंगर, खरी माणसं, त्यांचेच सिनेमे तो काढायचा. नाचगाणं नाही. देवमासा दाखवला तर देवमाशाएवढाच.

हुरड्याच्या दिवसांत तो हमखास गावी यायचा. शेकोटीपाशी मांडी घालून बसला की हात हलवून सांगायचा, "एवढ्या पडद्यावर घाई चालत नाही. कॅमेरा झपकन फिरवला तर पाह्यणाऱ्याले भोवळ येते. माणसाचं डोकं वरच्या अंगाले ठेवलं, तर लोकायच्या माना मोडतीन. खाली ठेवा लागते." मी म्हणायचो, "म्हंजे तंबूत तुही मान दुखली, ते इतक्या वर्षांनी कामी आलं." तो हसायचा, आन् माह्या वाटचा हुरडा खाऊन टाकायचा.

मग त्यानं माणूस आन् जनावरावर सिनेमा काढला. हत्ती झाले, उंट झाले, बैलासाठी तो माह्या वावरात आला. कॅमेरा असा की दोघं-तिघं उचलत, आन् चालू झाला की पिठाच्या गिरणीसारखा आवाज. त्यातलं रीळ तीन मिनिटांत संपते. त्यानं निरोप धाडला होता, रोजच्यासारखा वखर चालव. मी माही जोडी, राजा आन् सोन्या, धुऊन काढली, शिंगं रंगवली, पाठीवर झुली घातल्या, कपाळाले बाशिंगं बांधली. मीबी कडक धोतर, नवा सदरा, फेटा.

रऊफ पाहातच राह्यला. "काऊन बे, वरात चालली का? झुली काढ."

"नाही काढत. सहा मजली पडद्यावर माहे बैल उघडेबोडके जातीन?"

"वखराले जुंपलेला बैल झूल घालते कधी?"

"माहा घालते!"

त्याची मुंबईची माणसं उन्हाकडे पाहून राह्यली होती. मी हटलो नाही. शेवटी तो म्हणाला, "बरं, तुह्या मनासारखं." वखर चालवला, कॅमेरा घरघरला, तो ओरडला, "झालं!" मी खूश. झुली उतरवल्या, घामेजलेला सदरा काढून धुऱ्यावर, बांधावर टाकला. आत खांद्यावर फाटलेली बन्यान. सोन्याची सवय अशी, की जू काढलं की तो माह्या खांद्याले तोंड घासायचा. तसा तो घासत राह्यला, मी त्याच्याशी बोलत राह्यलो... आन् कॅमेऱ्याच्या गिरणीचा आवाज काही थांबला नव्हता. माह्या ध्यानातच आलं नाही.

सिनेमा लागल्यावर शबानानं फोनवर कौतुकानं सांगितलं, "काका, सगळ्यात सुंदर तुमचाच भाग! ती बन्यान!" माह्या डोक्यात रागच गेला. झुलीवाला वखर गायब, आन् जगानं पाह्यलं काय, तर माही फाटकी बन्यान, तीबी सहा मजली! मी शपथ घेतली, हा सिनेमा पाह्यणार नाही. ती बन्यान ट्रंकेच्या तळाशी दाबून टाकली. त्या दिवसापासून घराबाहेर पडलो तो इस्त्रीतच.

रऊफ दरवर्षी विनवायचा. "एकदा ये ना बे. मीबी आहे त्यात."

"फेकू नको. सिनेमा काढणारा सिनेमात नसते."

"येऊन हुडकून दाखव. एवढीच इच्छा आहे माही."

"पडदा सोनाळ्याले आण, मग पाहीन."

पडदा काही आला नाही. सोन्या म्हातारा होऊन गेला, राजाबी गेला. आन् आता रऊफ. तो गेल्यावर काही आठवड्यांनी शबानाचा पुन्हा फोन आला, मुंबईत त्याच्या आठवणीसाठी तोच सिनेमा एकदाच दाखवणार होते. मी हरलो असं कोणी समजू नये. शपथ रऊफवरच्या रागात घेतली होती, ज्याच्यावर राग तोच राह्यला नाही, तर शपथ कुठं राह्यली? इस्त्रीचे कपडे घातले आन् शेगावहून गाडीत बसलो.

थेटरात शबाना शेजारी होती. हत्ती गेले, उंट गेले, आन् भिंतभर सोन्या आला. माहा सोन्या! त्याच्या श्वासानं खुर्ची हलली. बन्यानीचं भोक एवढं मोठं, की त्यातून बैलबंडी जाईल, बैलांसकट. लोक हसतील म्हणून मी मान खाली घातली. कोणी हसलं नाही. वर पाह्यलं तर सोन्याचा डोळा, विहिरीएवढा. काळा, ओला. त्यात माहं वावर दिसत होतं, धुऱ्यावरचं बोरीचं झाड दिसत होतं, तीन पायांवरचा कॅमेरा, आन् त्याच्या बाजूले एक बारका माणूस, डोक्यावर टोपी, कमरेवर हात...

"सापडला बे!" मी उभं राहून ओरडलो. "सापडला!"

शबाना रडता रडता हसायले लागली. मागचे लोक म्हणाले, "आजोबा, खाली बसा." बसलो नाही. तो डोळा मिटेपर्यंत उभाच राह्यलो.

त्याच दिवशी रातची गाडी धरली. दुसऱ्या दिवशी सकाळी घरी पोचलो, ट्रंकेच्या तळातून ती बन्यान काढली, अंगात घातली, आन् फाटका खांदा साऱ्या गावाले दिसेल असा, बसस्टँडवर चहा प्यायले गेलो.