कूलरखालचा नेचा

सडा झाला की बादलीने कूलर भरायचा, हे सकाळचं काम ह्यांचं. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला ते गेले आणि ते काम माझ्याकडे आलं. कूलरचं पाणी गळायचं तिथे, देवपूरच्या आमच्या भिंतीत, एक नेचा आपोआप उगवला होता. हे तो कुणाला उपटू देत नसत.

आज दुपारी आपल्या झाडांच्या गटात एकीने विचारलं, दिवाळीनंतर नेचा सुकतो, काय करू? तेव्हापासून मला एका जागी बसवत नाही, म्हणून लिहिते.

त्या वर्षी दिवाळी सरली तसा दिरांनी कूलर उतरवला. म्हणाले, “वहिनी, थंडीत काय घरात बर्फ पाडायचाय?” भिंत वाळली. पानांच्या कडा तपकिरी झाल्या. मी दिवसभर नुसती आतबाहेर करत होते.

शेजारच्या अक्का म्हणाल्या, “तुळशीले वैशाखमा बांधतस ना, तशी गळती बांध. मडकाले बारीक भोक पाड, बठ्ठं जमी जाई.”

“ह्यांना अग्नी देताना मडक्याला भोक पाडलं होतं, अक्का. माझ्याच्यानं नाही व्हायचं.”

अक्कांनी नेच्याचं एक सुकलेलं पान खुडून माझ्या हातात ठेवलं.

दुसऱ्या दिवशी मी कुंभाराकडून नवं मडकं आणलं, खिळ्याने भोक पाडलं, थेंबथेंब गळावं म्हणून भोकात कापसाची वात घातली आणि पाणी भरून नेच्याच्या वर टांगलं.