वीस वर्षांनंतर उरलेली चौदा वर्षं

ती घटना इतक्या वर्षांनीही माझा पाठलाग सोडत नाही. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, वरंधा घाटातल्या दरीतून मृतदेह वर काढले. फाइल बंद झाली की ती प्रकरणं मनातूनही गेली. हे प्रकरण एका साध्या घरफोडीचं. गेलेल्या मालाची किंमत काय लिहायची म्हणून पंचनाम्यात आमच्या लेखनिकाचा पेन अडला होता, इतकी साधी.

मी तेव्हा भोरला नेमणुकीला होतो. भाताच्या लावणीचे दिवस होते. सोमवारी सकाळची हजेरी आटोपत होती, तेवढ्यात घरांसाठी कर्ज देणाऱ्या एका खासगी कंपनीचा शाखाधिकारी ठाण्यात आला. तिशीतला, इस्त्रीच्या शर्टातला तरुण. म्हणाला, "रविवारी शाखा बंद असताना कुणीतरी आत येऊन गेलंय. कपाट उघडं आहे. पण गेलेलं काहीच नाही."

"काहीच नाही?"

"गल्ल्यात रोख होती, ती जशीच्या तशी आहे. लॅपटॉप जागेवर आहेत. तक्रार द्यायला वरून सांगितलंय म्हणून आलो."

ठाणे अंमलदारांनी स्टेशन डायरीला नोंद घेतली आणि मी आमच्या जुन्या हवालदारांना घेऊन जागेवर गेलो. मागच्या दाराचं कुलूप शाबूत होतं. कोयंडा दारावरून काढला होता आणि काम झाल्यावर परत बसवलाही होता. चार स्क्रू, चारही घट्ट, चारही स्क्रूंच्या खाचा एका रेषेत उभ्या. हवालदार वाकून बघत म्हणाले, "साहेब, ही चोराची जात नव्हं. ह्यो कंपनीत फिटर असणारा गडी. नाकासमोर चालणारा असणार."

मला हसू आलं होतं. नाकासमोर चालणारा माणूस दुसऱ्याच्या दारात कशाला शिरेल, असं मी त्यांना ऐकवलंही. आणि पोलिसी खाक्याप्रमाणे संशय घेतला तो शाखेच्या शिपायावर. किल्ल्या त्याच्याकडे, म्हणून. चौकशी केली तर तो रविवारी पासलीला सासऱ्याच्या खाचरात गुडघाभर चिखलात लावणी करत होता आणि साक्षीला अख्खी वाडी होती. त्याची क्षमा मागावी असं तेव्हा मला सुचलं नाही. गरिबाची क्षमा मागायची सवय आमच्या खात्याला कमीच.

शाखाधिकाऱ्याला मी सगळ्या फायली यादीशी ताडून बघायला लावल्या. त्याला दोन दिवस लागणार होते. त्याआधीच खबर आली.

भोरच्या पेठेत झेरॉक्स आणि लॅमिनेशनचं दुकान चालवणारे एक मुसलमान गृहस्थ होते. सगळं गाव त्यांना चाचा म्हणायचं. ते आपण होऊन ठाण्यात आले. बसायला सांगितलं तरी बसेनात.

"सायेब, रविवारी दुपारी एक म्हातारं मानूस कागद लॅमिनेट करून घेऊन गेलं. घराचं खरेदीखत. कागदांना फायलीची भोकं आन् हर पानावर त्या कर्जवाल्या कंपनीचा शिक्का. तवा काय वाटलं न्हाई. आज चोरीचं कानावर आलं. पर मानूस वाईट न्हाई बरं का. पैशे देताना म्हनलं, चाचा, पावसात भिजता कामा न्हाईत, आमच्या मंडळींना दाखवायचेत."

माणूस शोधायला अर्धा तास पुरला. मूळचा हिर्डोशीचा, शिरवळकडच्या कारखान्यात सारी हयात फिटर म्हणून काढलेला, वर्षापूर्वी निवृत्त झालेला. भोरला दोन खोल्यांचं घर. घरात तो, आजारी बायको आणि नवऱ्यानं टाकलेली लेक. मी दारात दिसताच त्यांनी हात जोडले आणि हळू आवाजात म्हणाले, "सायेब, हितं नको. म्या येतो तुमच्यासंगं. आत मंडळी पडल्यात."

ठाण्यात त्यांच्याकडून काही वदवून घ्यावं लागलं नाही. पुढ्यातला चहा तसाच ठेवून ते म्हणाले, "व्हय, म्याच काढले. पर चोरी न्हाई केली. माजेच कागद हायेत. वीस वर्सं हप्ता भरला, एक चुकवला न्हाई. आता कागद देत न्हाईत म्हंजी काय?"

"मामा, मग तक्रार द्यायची. कुलूपबंद जागेत शिरायचं का?"

"तीन येळा गेलो. ते पोरगं मशिनीत बघतंय आन् म्हनतंय, अजून चौदा वर्सं राह्यल्यात. मला वाटलं, दुसऱ्याच कुनाची फाइल बघतंय. म्हनून म्हनलं आपली आपन काढून बघावी."

त्यांनी पिशवी उघडली. वीस वर्षांची पासबुकं, पावत्या, सुतळीनं वर्षवार बांधलेल्या. आमच्या रेकॉर्ड रूममध्ये तेवढी शिस्त नव्हती. मला वाटलं, कंपनीनं म्हाताऱ्याला फसवलं. खरं सांगतो, मला बरं वाटलं. आरोपी बदलणार होता. मी शाखाधिकाऱ्याला कागद घेऊन बोलावलं आणि जरा दरडावूनच हिशेब मांडायला सांगितलं.

तो तरुण घाबरला नाही. फिटरच्या शेजारी खुर्ची ओढून, दोघांच्याही कागदांवर बोट ठेवून एकेक ओळ समजावत गेला. पहिलं कर्ज सहा लाखांचं, वीस वर्षांच्या मुदतीचं. हप्ता साडेपाच हजारांवर थोडा. त्या पहिल्या हप्त्यातले पावणेपाच हजार व्याजात गेले आणि मुद्दलातून फिटले आठशे त्रेचाळीस रुपये. सुरुवातीची वर्षं अशीच जातात, व्याज आधी जेवतं आणि मुद्दलाच्या पानात उरलंसुरलं पडतं. सात वर्षांत पावणेपाच लाखांच्या आसपास भरून मुद्दल कमी झालं एक लाख.

सातव्या वर्षी दुसऱ्या कंपनीचा एजंट आला. म्हणाला, जुनं कर्ज आम्ही फेडतो, आमच्याकडून नवं घ्या, व्याज कमी, वर लाखभर हातात. लेकीचं लग्न होतं. यांनी सही केली. पाच लाखांचं परत सहा लाख झालं, हप्ता मात्र दोनशेनं उतरला. आणखी सात वर्षांनी पुन्हा तेच. तेव्हा बायकोचं ऑपरेशन होतं आणि आताच्या या कंपनीचा एजंट दारात आला होता. दोन्ही वेळा मुदत पुन्हा पहिल्यापासून, वीस वर्षं; शेवटच्या विसातली सहाच सरली होती. वीस वर्षांत एकूण भरले तेरा लाखांवर, आणि अजून देणं होतं पाच लाख चौदा हजार.

"मामा, नव्या कागदावर वीस वर्षं लिहिलेलं वाचलं नव्हतं का?" मी विचारलं.

"वाचलं की. म्हनलं, तीच वीस. आदीची धरून."

मग ते जे बोलले ते मला कुठल्याच प्रशिक्षणात कुणी शिकवलं नव्हतं. "आमच्या वडलांनी जल्मभर गावच्या सोसायटीचं कर्ज असंच केलं सायेब. मार्च आला की भरायचं आन् आठ दिसांनी परत उचलायचं. येळंवर भरलं की व्याज माफ. त्यात कुनी बुडालं न्हाई, उलट पत वाढली. मला वाटलं, ह्येबी तसंच. जुनं भरलं, नवं उचललं."

पीककर्जात ही रीत शहाणपणाची. वर्षाचं कर्ज, वर्षाला मिटतं. तीच रीत घराच्या कर्जाला लावली आणि दर वेळी हा माणूस शिडीच्या खालच्या पायरीवर येऊन उभा राहिला. हवालदार दाराशी उभे राहून ऐकत होते. ते पुटपुटले, "आंधळं दळतंय आन् कुत्रं पीठ खातंय." नेहमी अशा बोलण्यावर ठाण्यात हशा पिकतो. त्या दिवशी कुणी हसलं नाही.

मी कंपनीचे कागद स्वतः तीनदा वाचले. प्रत्येक पानावर फिटरची सही, स्वच्छ अक्षरात, शेजारी बायकोचा अंगठा. फसवणुकीचं कलम कुठं बसेना. एजंटांनी सगळं सांगितलं नसेल, पण खोटं काही लिहिलं नव्हतं. आरोपी बदलला नाही.

"बरं, फाइल कुठं आहे?" मी विचारलं.

"मंडळीच्या उशाखाली." ते पावत्या परत पिशवीत भरू लागले. "घर तिच्या नावावर हाय. तिचे दागिने मोडून पयले पैशे भरले व्हते. डाक्टरनी आता आशा न्हाई म्हनून सांगितलंय. तिला डोळे मिटायच्या आत घर लेकीच्या नावावर लिवून द्यायचंय, न्हाईतर भाचे-पुतने पोरीला ऱ्हाऊ देनार न्हाईत, असं तिच्या मनानं घेतलंय. कागद आले म्हनल्यावर काल ती दोन घास जेवली. सायेब, चार दिस ऱ्हाऊ द्या. चार दिसांनी म्या सवता आनून देतो."

तेव्हा शाखाधिकाऱ्यानं मान खाली घालूनच सांगितलं, "काका, मूळ कागद इथं नसतातच. ते मुंबईला गोदामात असतात. फाइलमध्ये होती ती झेरॉक्स."

हिशेब ऐकताना फिटर रडले नव्हते. आता रडले.

चार दिवस द्यायला हवे होते. आज मी हे छापील पानावर कबूल करतो. तेव्हा मी म्हणालो, मुद्देमाल जप्त केल्याशिवाय तपास पुढं जात नाही. नियमाला धरूनच होतं ते. पण नियम चार दिवस थांबला असता तर आभाळ कोसळलं नसतं, आणि मी अडून बसलो याचं कारण नियमापेक्षा माझी घाई होती. आठवड्याचा आढावा होता, प्रलंबित गुन्ह्यांत एक आकडा कमी दाखवायचा होता.

दोन पंच आणि महिला शिपाई घेऊन आम्ही घरी गेलो. लेक दारातून बाजूला झाली. खाटेवर बाई पडल्या होत्या, अंगात काही उरलं नव्हतं, डोळे तेवढे लख्ख. माझा गणवेश बघून त्यांनी नवऱ्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं.

"कागद खोटं हायेत का, सायेब?"

"खोटे नाहीत, बाई. झेरॉक्स आहेत."

"मग घर?"

फिटर भिंतीकडं तोंड करून उभे होते. बाईंनी उशाखाली हात घालून तो लॅमिनेट केलेला गठ्ठा स्वतः काढला. लेक मदतीला पुढं झाली, तर तिला त्यांनी नको म्हटलं. गठ्ठा माझ्या हातात देऊन म्हणाल्या, "घ्या. चोरीचा माल माज्या घरात नको."

लेखनिकानं विचारलं, "साहेब, मुद्देमालाची किंमत काय लिहू?" मी त्याला निरंक लिहायला सांगितलं.

बाई बाराव्या दिवशी गेल्या. त्या बारा दिवसांत त्यांनी घराचं नाव पुन्हा काढलं नाही, असं लेकीनं हवालदारांना सांगितलं. फिटरनी कोर्टात गुन्हा कबूल केला. वय आणि आधीची स्वच्छ वागणूक बघून कोर्टानं चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर सोडलं. मुद्देमाल परत न्यायला कंपनीला पत्र गेलं, तर उत्तर आलं की त्या प्रतींची गरज नाही. त्या रीतसर नष्ट केल्या. ज्या कागदांसाठी मी एका मरणाऱ्या बाईची उशी हलवली, ते कुणालाच नको होते.

जप्तीनंतरच्या रविवारी मी घरी माझ्या स्वतःच्या फ्लॅटच्या कर्जाचे कागद काढले. व्याजाचा दर मधे दोनदा वाढला होता. हप्ता तोच राहिला म्हणून मी निवांत होतो. बँकेनं हप्ता न वाढवता मुदत वाढवली होती, निवृत्तीच्या पुढं सहा वर्षं. तसं पत्रही आलेलं होतं, न फोडलेलं, विजेच्या बिलांच्या गठ्ठ्यात. जन्मभर दुसऱ्यांचे जबाब शब्द न् शब्द वाचून घेणारा मी! फिटरपेक्षा मी शहाणा नव्हतो. माझा पगार मोठा होता, एवढंच.

या प्रकरणानं मला शिकवलं ते असं. हप्ता झेपतो का, हे आपण सगळे विचारतो. शेवटपर्यंत एकूण किती जाणार आणि मुद्दल आज किती उरलंय, हे विचारायची आपल्याला लाज वाटते. समोरचा अडाणी म्हणेल अशी भीती वाटते. त्या लाजेपायी प्रामाणिक माणसं बुडताना मी पाहिली आहेत. बुडवी माणसं क्वचितच बुडतात.

निवृत्तीनंतर एकदा कापूरहोळच्या फाट्यावर एसटीची वाट बघत होतो. एका बाईनं पुढं येऊन नमस्कार केला. फिटरची लेक. कारखान्यातल्या कामावरून परतत होती. मी जरा चाचरतच घराचं विचारलं.

"म्याच भरते हप्ता, सायेब. चौदाची नऊ केली. दिवाळीचा बोनस समदा मुद्दलात टाकते. त्यातली पाच सरली, चार ऱ्हायली. मधी एक एजंट आला व्हता, हप्ता कमी करून देतो म्हनला. म्या म्हनलं, हप्ता ऱ्हाऊ दे, वर्सं कमी करतोस का? तवा गेला."

मला मनापासून आनंद झाला. म्हणालो, "शाब्बास पोरी. आणि वडील? बरे आहेत ना?"

"बरे हायेत." ती क्षणभर थांबली. "पर हप्त्याच्या तारखेला जेवत न्हाईत. आईचं वर्सश्राद्ध बी येवढं पाळत न्हाईत. म्या लई सांगून बघितलं. म्हनत्यात, चार वर्सं ऱ्हायलीत न्हवं, मग जेवीन."

तेवढ्यात भोरची गाडी आली. ती घाईनं चढली आणि खिडकीतून हात हलवला. मलाही त्याच गाडीनं जायचं होतं. मी ती जाऊ दिली आणि पुढच्या गाडीनं गेलो.