उलटा हात

मुलांच्या पुस्तकांत चित्रं काढून आज मी पोट भरतो, ते माझ्या फुईमुळे. फुई म्हणजे वडिलांची मोठी बहीण. माझी आई लवकर गेली, वडील ऊसतोडीला बाहेर असत. नंदुरबारला मला तिनेच वाढवलं. आमच्या घरातून कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. फुई शाळेत गेली ती फक्त मला सोडायला.

ती मिरचीच्या पथारीवर कामाला होती. गावाबाहेरच्या मोकळ्या जागेत लाल मिरची पसरून वाळवतात, ती पथारी. तिथे बायका दिवसभर बसून मिरचीचे देठ खुडतात. तिखटाने हातांची जी आग होते ती तेल लावा, ताक लावा, दुसऱ्या दिवशीही उतरत नाही. म्हणून फुईने मला कधी तळहात लावला नाही. ताप बघायचा तर बोटांची पाठ कपाळाला, लाड करायचे तरी बोटांची पाठ गालावरून. रडलो तर कोपराने डोळे पुसायची. पथारीवरच्या सगळ्याच बायका मुलांना असा उलटा हात लावायच्या. आमच्या भाकरीला वेगळी चटणी लागत नाही, असं मी शाळेत ऐटीत सांगायचो.

माझं पहिलं व्यंगचित्र तिथल्याच एका गोणीवरचं. कोळशाने मी मुकादमाचं नाक वांग्याएवढं काढलं होतं. बायका हसता हसता ठसकायला लागल्या, तेवढ्यात मुकादम आला.

“कोनी काढं हाई?”

“मी काढं,” फुई म्हणाली.

“तू? मंग आखो एक काढ.” त्याने कोळसा तिच्यापुढे धरला.

फुईने तो मुठीत धरला, मुसळ धरावं तसा, आणि गोणीवर एक वाकडी रेघ ओढली.

“हाई काय शे?”

“मिरची शे, मुकादम. तुम्हना नाकले लावाले.”

त्या दिवशी तिला घरी पाठवलं. वाटेत ती मला रागावेल म्हणून मी चार पावलं मागेच चालत होतो. दारात आल्यावर तिने मागे वळून एवढंच म्हटलं, “नाक भारी जमनं.”

पुढे कॉलेजात भित्तिपत्रकासाठी चित्रं काढली, मग जिल्ह्याच्या एका दैनिकात रोज चौकोनभर व्यंगचित्र. पुढारी, खड्डे, स्टेशनबाहेरच्या रिक्षा. त्यावरून पुण्याच्या एका प्रकाशनाने मुलांच्या पुस्तकाचं काम दिलं, आणि मी पुण्यात खोली घेतली. काही वर्षांनी त्यांच्याकडे पथारीवर काम करणाऱ्या आईची आणि तिच्या मुलाची गोष्ट आली. मी नंदुरबारचा, म्हणून ती माझ्याकडे आली. शेवटच्या पानावर आई कामावरून येते आणि मुलाला जवळ घेते. मी तिच्या बोटांची पाठ मुलाच्या गालावर काढली.

संपादकबाई भल्या होत्या. “चित्रं सुरेख आहेत हो, पण इथे हात चुकलाय. आई चापट मारतेय असं वाटतं. तळहात येऊ द्या गालावर.”

एक वाक्य बोललो असतो तर पुरलं असतं. पण पुण्यात आल्यापासून मी माझे ‘ळ’ आणि ‘ण’ सरळ करण्यातच गुंतलो होतो. कुणी ‘चुकलंय’ म्हटलं की चूक आपलीच असणार, ही सवय झाली होती. ‘हो’ म्हणालो आणि एका दुपारीत हात सुलटा करून दिला.

पुस्तक घेऊन घरी गेलो तेव्हा फुई ओट्यावर बसली होती, शेजारच्या भाभी धने निवडत होत्या. फुईने एकेक पान लांब धरून पाहिलं.

“हाई बाई कोन शे रे?”

“तू शे, फुई.”

ती लाजली. पथारी बघितली, टोपली बघितली, मान हलवली. शेवटच्या पानावर मात्र तिने बोट ठेवलं आणि दचकून मागे घेतलं.

“आरे, त्या पोऱ्याना डोयामा मिरची जाई ना!”

भाभी खळखळून हसल्या. “फुई, किताब की मिर्ची नहीं लगती.”

मीही हसलो. फुई हसली नाही.

“मी तुले आसा हात कव्हय लावा रे?” तिने पुस्तक मिटून माझ्याकडे दिलं. “पथारीवर नको दाखाडू. बाया म्हनतीन, काय येडी माय शे.”

नंतर मी संपादकबाईंना सगळं सांगितलं. नवी आवृत्ती निघाली की बदलू, म्हणाल्या. ती अजून निघालेली नाही.

गेल्या हिवाळ्यात फुईला लकवा झाला. उजवा हात गेला, बोलणं जड झालं. पथारी सुटली. भाभीच तिला दोन वेळा भरवतात. मी गेलो तेव्हा तिचे तळहात पहिल्यांदा नीट पाहिले. कित्येक महिन्यांत त्यांना मिरची लागली नव्हती. लहान मुलाच्या असतात तसे मऊ झाले होते. मी वाकलो तेव्हा तिने डावा हात कष्टाने उचलला, आणि बोटांची पाठ माझ्या गालाला लावली.

पुण्यात परत येऊन ते पान पुन्हा काढलं, मोठ्या कागदावर, कारण फोनवरचं तिला दिसत नाही. सोबत हे पत्र पाठवलं.

फुई,

भाभी हे वाचून दाखवतील. सोबत चित्र आहे. यात हात जसा होता तसा आहे. पुस्तकात मी तो बदलला, कारण तो चुकला असं बाई म्हणाल्या, आणि आपल्याकडे असाच लावतात हे सांगायची मला लाज वाटली. गोणीवरचं नाक माझं होतं, तरी तू ‘मी काढं’ म्हणालीस. हात तुझा होता, आणि मी गप्प बसलो.

नवं पुस्तक निघेल की नाही माहीत नाही. हे चित्र एकच आहे, ते तुझं. पथारीवरच्या बायका भेटायला आल्या की त्यांना दाखव.

सोमवारी मी येतोय. मागच्या वेळी सांगायचं राहिलं, ते आपल्या बोलीत लिहितो. भाभींना म्हणावं, हळू वाचा.

आते तुन्हा हातले मिरची नही शे, फुई. सुलटा हात ठेव.