मैत्रीची म्हैस

वाघदऱ्याच्या लंकाबाईला तोफांचा आवाज नवा नव्हता. पारनेर तालुक्याच्या त्या अंगाला डोंगरापलीकडे लष्कराची तोफांच्या सरावाची रेंज होती. टेकडीवर लाल झेंडा चढला की गुरं अलीकडे वळवायची आणि उतरला की पुन्हा सोडायची, एवढं त्या गावच्या शेंबड्या पोरालाही कळत होतं. गोळीबाराच्या दिवशी म्हैस पान्हा चोरते, हेही सगळ्यांना ठाऊक. त्यावरून कुणी कधी कुरकुर केली नाही.

लंकाबाईचा नवरा भीमा त्या रेंजपायीच अधू झाला होता. पावसानं दडी मारलेलं एक साल होतं. झेंडा उतरला की गावातले पुरुष रेंजमध्ये शिरायचे, गोळ्यांचे तुकडे आणि पितळी टोप्या वेचून भंगारवाल्याला विकायचे. एकदा भीमाच्या हातात न फुटलेला गोळा आला आणि तो हातातच फुटला. उजव्या हाताची बोटं गेली, एक डोळा गेला. जीव तेवढा वाचला. त्याला दवाखान्यातून घरी आणलं त्या दिवशी लंकाबाईनं घरातला, गोठ्यातला, चुलीमागं खोचलेला तुकडा अन् तुकडा पाटीत भरला आणि गावाबाहेरच्या पडक्या विहिरीत नेऊन ओतला. नवऱ्याला म्हणाली, "इथून फुडं रेंजचा खिळा जरी ह्या घरात दिसला, तर मी माहेरची वाट धरीन."

भीमा त्यानंतर बरीच वर्षं जगला आणि शेवटी काविळीनं गेला. पण रेंजमधला खिळा काही त्यानं पुन्हा उचलला नाही.

एवढं होऊनही लंकाबाईच्या मनात लष्कराबद्दल अढी नव्हती. चूक आपल्या माणसाची, असं ती स्वच्छ म्हणायची. तिचा एकुलता एक मुलगा रविराज पुढं तोफखान्यातच भरती झाला, तेव्हा तिनं गावभर पेढे वाटले. तो तिकडं सीमेवर, आणि इकडं ती, सून दिपाली, एक दुभती म्हैस, दोन शेळ्या आणि कांद्याचं रान. बरं चाललं होतं.

गेल्या हिवाळ्यात मित्रदेशाचं सैन्य आलं. आपलं सैन्य आणि त्यांचं सैन्य मिळून रेंजवर सराव करणार होतं. गावाच्या वेशीवर कमान उभी राहिली. तिच्यावर दोन झेंडे आणि खाली मोठ्या अक्षरात 'दोन देश, एक ध्येय'. सरपंच अमृतराव जॅकेट चढवून फिरू लागले. पाहुण्यांचे जवान शाळेच्या मैदानावर आपल्या जवानांबरोबर व्हॉलीबॉल खेळले, एकमेकांच्या टोप्या घालून फोटो काढून झाले. लंकाबाईनंही वेशीवर उभं राहून दोन्हीकडच्या जवानांना तिळाचे लाडू दिले. आपल्या रविराजला परक्या मुलखात असंच कुणी काहीतरी देत असेल, एवढाच तिच्या मनातला विचार.

त्यानंतर दोन-चार दिवसांची गोष्ट. सकाळची वेळ होती. लंकाबाई कांदा खुरपत होती. दिपाली गोठा झाडून शेणाची पाटी घेऊन उकिरड्याकडं निघाली होती. तेवढ्यात आभाळातून शीळ आली. लांब, बारीक, जवळ जवळ येत जाणारी शीळ. इतकी वर्षं आवाज ऐकले, पण अशी शीळ डोक्यावर कधी आली नव्हती. लंकाबाईनं मान वर केली आणि तिचा गोठा तिच्या डोळ्यांदेखत उडाला.

ती धावली. दिपाली उकिरड्यात पालथी पडली होती. जिवंत होती, पण एका कानातून रक्त येत होतं आणि सासू काय ओरडते आहे ते तिला ऐकू येत नव्हतं. गोठ्याच्या जागी खड्डा होता. म्हशीचं अर्धं धूड खड्ड्याच्या कडेला आणि उरलेलं बाभळीवर. शेळ्यांचं तर काही ओळखूच येत नव्हतं.

दिपालीला अमृतरावांच्या गाडीतून नगरला नेलं. डॉक्टर म्हणाले, कानाचा पडदा फाटलाय. लंकाबाई दुपारी परत आली तर तिच्या दारात गाड्याच गाड्या. आपले अधिकारी एका बाजूला, पाहुण्यांचे अधिकारी दुसऱ्या बाजूला. दोघांच्याही नाकाला रुमाल. माश्या घोंगावत होत्या. पाहुण्यांतला एक उंच, नीटनेटका साहेब रक्तात बूट भरू नये म्हणून दगडावरून दगडावर पाय टाकत खड्ड्यापाशी गेला. त्यानं आत डोकावून पाहिलं, मग आपल्या साहेबाकडं पाहिलं. आपल्या साहेबानंही त्याच्याकडं पाहिलं. सकाळपर्यंत एकमेकांच्या टोप्या घालणारी ही माणसं आता एकमेकांपासून अंतर राखून उभी होती.

दोन्हीकडच्या जवानांनी लोखंडाचे तुकडे वेचायला सुरुवात केली. नखाएवढा कपरासुद्धा मागं राहू दिला नाही. सगळं पिशव्यांत भरून गाडीत गेलं. म्हशीला मात्र कुणी हात लावला नाही.

मग आपल्याकडचा एक तरुण कॅप्टन लंकाबाईजवळ आला. आवाज मऊ होता. हिंदीत काहीतरी विचारलं. सोबत शाळेच्या रोहिणी मॅडम होत्या. नगरच्या सावेडीहून रोज स्कूटरवर येणाऱ्या, बोलण्यात हुशार. त्यांनी मराठीत सांगितलं, "मावशी, साहेब विचारतायत, तुमच्या घरी पूर्वी रेंजमधलं भंगार आणायचे का?"

लंकाबाईला प्रश्नाचा रोख कळला नाही. खोटं कशाला बोलायचं? ती म्हणाली, "आनायचे की आमचं मालक. लई वर्षं झाली. त्यापायीच हात गेला त्येंचा."

कॅप्टननं मान हलवली. गाड्या निघून गेल्या. संध्याकाळी अमृतरावांनी जेसीबी पाठवला आणि म्हशीला मूठमाती मिळाली.

दोन दिवसांनी अमृतरावच मोबाईल घेऊन आले. तोंडावर हसू नव्हतं, पण डोळ्यांत ओशाळं असं काही असावं तर तेही नव्हतं. त्यांनी बातमी वाचून दाखवली. दोन्ही सैन्यांनी संयुक्त पाहणी केली होती. त्यात निष्पन्न झालं होतं की, ग्रामस्थांनी भंगार म्हणून घरात साठवलेल्या जुन्या गोळ्याचा स्फोट झाला. कुटुंबप्रमुखाला तशी सवय असल्याचं खुद्द कुटुंबीयांनी मान्य केलं होतं. सरावाशी या घटनेचा काही संबंध नव्हता.

लंकाबाईनं ते पुन्हा वाचायला लावलं. मग विचारलं, "संयुक्त म्हंजी?"

"म्हंजी दोघांनी मिळून, वहिनी."

"म्हंजी दोघं मिळून खोटं बोलले."

"असं बोलू नका. दोन देशांचा मामला हाय. येकानं आपल्या अंगावर घ्यायचं म्हणलं तर दुसऱ्याला वाईट वाटतं, आन् दुसऱ्यावर ढकलायचं तर मैत्री तुटती. मोठी मानसं हायेत ती, इचार करूनच लिव्हलं असंल."

"आन् म्हनून माझ्या मेलेल्या मानसावर ढकललं व्हय?"

अमृतरावांनी दुसरीच गोष्ट काढली. सराव संपताना शाळेत कार्यक्रम होता. पाहुण्यांकडून शाळेला बाकं आणि पाणी शुद्ध करायचं यंत्र मिळणार होतं. आणि लंकाबाईला, म्हणजे भंगाराच्या अपघातात गोठा गेलेल्या गरीब बाईला, मैत्रीची आठवण म्हणून एक म्हैस.

ते गेल्यावर लंकाबाई उठली. बांधावर जाऊन ती ओकली. मेलेल्या म्हशीच्या वासानं तिला ओकारी आली नव्हती, ती आता आली.

त्या रात्रीच रविराजचा फोन आला. बातमी त्याच्यापर्यंत पोचली होती. आवाज दबका होता. "आई, दिपाली बरी हाय ना? बरं. हे बघ, तू आता काही बोलू नको. म्हैस देत्यात ती घे आन् गप बस. हितं मला साहेब विचारत हुते, तुझंच गाव का म्हणून."

"तू काय सांगितलंस?"

"व्हय म्हणलो. दुसरं काय सांगनार?"

"तुझा बाप चोर हुता का, असं न्हाई इचारलं?"

फोन बंद झाला. लाईन गेली की त्यानं ठेवला, ते तिला कळलं नाही, आणि तिनं परत लावलाही नाही.

कार्यक्रमाच्या दिवशी ती गेली. दिपालीनं कानाला बांधलेला बोळा पदराखाली झाकला आणि तीही बरोबर आली. मैदानावर गालिचा अंथरला होता. पोरांनी लेझीम खेळून दाखवली. भाषणांत दोन्ही देशांच्या मैत्रीचं, खांद्याला खांदा लावून लढण्याचं, विश्वासाचं वर्णन झालं. तो मऊ आवाजाचा कॅप्टन दुसऱ्या रांगेत बसला होता. लंकाबाईनं त्याच्याकडं टक लावून पाहिलं तेव्हा तो बुटाची नाडी बघू लागला.

मग म्हैस आणली. शिंगांना रंग, गळ्यात झेंडूचा हार, अंगावर चकचकीत झूल. उंच साहेबानं हसत हसत तिचं दावं लंकाबाईच्या हातात दिलं. कॅमेरे पुढं सरसावले. अमृतरावांनी माईक तिच्या तोंडापुढं धरला आणि हळूच म्हणाले, "दोन शब्द बोला वहिनी. आभारी हाय म्हणा."

लंकाबाईनं माईक हातात घेतला. "मला येवढंच इचारायचं हाय," ती म्हणाली. "गोळा वरनं आला. म्या शीळ ऐकली हाय. माझ्या सुनंचा कान गेला. तुमच्यातल्या कुनी सोडला तेवढं सांगा. चुकून सुटला म्हना, म्या माफ करीन. लेक माझाबी तोफेवरच हाय, चूक व्हती हे मला कळतं. पन माझ्या मालकाच्या नावावर घालू नका. तो मेलाय, त्याला येऊन बोलता येत न्हाई."

उंच साहेबानं रोहिणी मॅडमकडं पाहिलं. मॅडमनी अमृतरावांकडं पाहिलं. मग मॅडम इंग्रजीत बोलल्या. फार थोडं बोलल्या. लंकाबाईला इंग्रजी येत नव्हतं, पण 'थँक्यू' हा शब्द तर शाळेतली पोरंही रोज ओरडत असतात. तो तिनं ओळखला. उंच साहेबाचा चेहरा खुलला. त्यानं छातीवर हात ठेवला, वाकून नमस्कार केला आणि टाळ्या वाजवायला लागला. त्याच्यामागं त्याची माणसं, मग आपली माणसं, मग गाव.

"मॅडम, म्या थँक्यू न्हाई म्हनले," लंकाबाई म्हणाली. पण तोवर माईक बंद झाला होता आणि लेझीम पुन्हा सुरू झाली होती.

तिनं दावं सोडून दिलं. गोंधळलेल्या म्हशीनं तिथंच गालिच्यावर शेण टाकलं. ते मात्र लगेच उचललं गेलं. दोन्हीकडचे जवान धावले, पाणी आणलं, फडकी आणली, बघता बघता गालिचा होता तसा झाला. लंकाबाईनं ते पाहिलं आणि मातीत थुंकली. मग दिपालीचा हात धरून चालू लागली.

म्हैस अमृतरावांच्या गोठ्यात बांधली गेली, 'तात्पुरती'. त्यांच्या घरून रोज सकाळी तांब्याभर दूध येई. लंकाबाई ते आल्यापावली परत पाठवी. एकदा दिपाली म्हणाली, "आत्या, दुधाचा काय दोष?"

"काई न्हाई. पन माझ्या घशाखाली उतरत न्हाई. तुला प्यायचं तर पी."

दिपालीनंही नाही घेतलं.

उन्हाळ्यात रविराज सुट्टीवर आला. घरात पाऊल टाकायच्या आधी तो खड्ड्यापाशी गेला आणि कडेला उकिडवा बसून राहिला. त्याच्या कामाचीच गोष्ट होती ती, त्याला दुसऱ्या कुणी सांगायची गरज नव्हती. जेवताना तो म्हणाला, "घरातला न्हवता, आई. वरनंच आलाय."

"कुनाचा हुता?"

"ते मला न्हाई सांगता येणार."

"येत न्हाई का सांगायचं न्हाई?"

त्यानं ताट सारलं आणि हात धुतला. लंकाबाईला त्या घटकेला पोटच्या पोराचीही किळस आली, आणि तशी आली म्हणून स्वतःचीही.

पण दुसऱ्या दिवशी सकाळी तो स्टँडजवळच्या चहाच्या टपरीवर गेला. अमृतराव होते, आणखी चार-दहा माणसं होती. त्यांच्यासमोर तो उभ्यानंच म्हणाला, "माझ्या बापानं आणलेला गोळा न्हवता तो. वरनं पडलेला हाय. मी तोफखान्यातला माणूस हाय, मी सांगतो. कुनाला माझ्या साहेबांना कळवायचं असंल तर खुशाल कळवा."

कुणी कळवलं नाही. कुणी वादही घातला नाही. एक म्हातारा म्हणाला, "आमाला काय ठावं न्हवतं का बाबा? शीळ साऱ्या गावानं ऐकली." बाकीच्यांनी माना डोलावल्या आणि पुन्हा चहाला तोंड लावलं. अमृतरावांनी त्याच्यासाठीही चहा सांगितला. तो न पिताच परत आला आणि आईला जे घडलं ते जसंच्या तसं सांगितलं.

लंकाबाईनं ऐकून घेतलं. साऱ्या गावानं शीळ ऐकली होती. ऐकून बाकं घेतली, यंत्र घेतलं, टाळ्या वाजवल्या. साहेबांचं एक वेळ समजता येईल, ते परके. पण ह्यांच्या घरी ती बाळंतपणात धावली होती, मयतीला भाकरी घेऊन गेली होती. तिला वाटलं, आता ह्या माणसांच्या तोंडाकडं पाहून 'बरं हाय का' म्हणणं आपल्याच्यानं होणार नाही.

सुट्टी संपली तसा रविराज दिपालीला बरोबर घेऊन गेला. तिकडं लष्कराच्या दवाखान्यात कानाचं ऑपरेशन होणार होतं. लंकाबाईनं तिची पिशवी स्वतः भरली. स्टँडवर रविराज पाया पडला तेव्हा तिनं त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि थोडा वेळ तसाच राहू दिला. म्हणाली, "टपरीवर बोललास, चांगलं केलंस. फोनवर बोलला अस्तास तर जास्ती बरं झालं अस्तं."

"व्हय," तो म्हणाला.

दिपालीला आता थोडंफार ऐकू येतं म्हणतात. लंकाबाई एकटीच राहते. खड्डा तिनं माती टाकून बुजवला आणि त्यावर मेथी लावली. जनावर पुन्हा पाळलं नाही. चहाला लागणारं दूध ती पिशवीचं आणते, तेही शेजारच्या गावातून, चालत जाऊन.