मागून बघितलेली बाई

माझी मावशी फिजिओथेरपिस्ट. उभं आयुष्य तिने लोकांचे आखडलेले खांदे आणि गुडघे सोडवण्यात घालवलं, पण माणसांबद्दल तिचं मत काही चांगलं झालं नाही. पुतळ्यांबद्दल तर मुळीच नाही. चौकातला घोडेस्वार दिसला की ती नाक मुरडायची. "मांडी बघ याची. बसलेला कुठे आहे? चिकटवलाय."

ती निवृत्त झाल्यावर माझ्या बहिणीने संग्रहालयात शिल्पं बघायला शिकवणाऱ्या वर्गात तिचं नाव घातलं. मावशी गेली ती खोडी काढायलाच. शिकवणारे प्राध्यापक डोळे मिटून, मऊ आवाजात बोलत. "बघायला शिकवतो आणि स्वतः डोळे मिटतो," घरी आल्यावर ती म्हणाली. बाकीची मंडळी तिच्या मते त्याहून दिव्य. एक वकीलबाई प्रत्येक शिल्पासमोर मान कलती करून म्हणायच्या, "किती वेदना आहे यात!"

"मानेची असेल," मावशी पुटपुटायची.

एकदा सगळे एका बसलेल्या बाईच्या दगडी शिल्पापुढे थांबले. काम ओबडधोबड, चेहरा जेमतेम, पाठ नको तेवढी रुंद.

"हिला मणकेच नाहीत," मावशीने निकाल देऊन टाकला.

"एकदा मागून बघा," प्राध्यापक म्हणाले.

"का, मागे दुसरी बाई आहे?" असं म्हणत ती गेली आणि तिथेच थबकली. मणके खरंच नव्हते. पण सगळा भार डाव्या अंगावर आला होता, उजवा खांदा किंचित पुढे झुकला होता. उठण्याआधी माणसाचं बळ जिथे गोळा होतं, नेमकी तिथेच ती जास्तीची रुंदी होती. मावशीचा हात नकळत स्वतःच्या कमरेवर गेला.

"शाश्वत वेदना," वकीलबाई म्हणाल्या.

"वेदना कसली डोंबलाची? उठतेय ती." मावशी सगळ्यांदेखत बाकावर बसली, उठायला लागली आणि अर्ध्यावर थांबली. "इथे. इथे पकडलंय तिला."



वर्ग तिने सोडला. त्या लोकांशी आपलं जमायचं नाही, म्हणाली. संग्रहालयात मात्र जाते, एकटीच. एकेका शिल्पाभोवती फिरत अख्खी दुपार काढते.

परवा मलाही घेऊन गेली. नाचणाऱ्या जोडप्याचं एक गुळगुळीत शिल्प तिने पुढून, मागून, वाकून, लांबून बघितलं. बराच वेळ गेला. मला वाटलं, आवडलं असावं.

"चारी बाजूंनी सारखंच टुकार," ती म्हणाली आणि पुढच्या दालनाकडे वळली.